डाळीच्या डब्यातली चावी

पाटसला हायवेच्या कडेला आमचं गॅरेज होतं आणि गॅरेजच्या मागे दोन खोल्यांचं घर. नव्वदीच्या त्या वर्षांत कारखान्याचा सीझन सुरू झाला की साखर नेणारे ट्रक दारात रांग लावत. त्यातले बरेचसे एक्झॉस्ट ब्रेकच्या दुखण्याचे. इंजिनाचा धूर बाहेर नेणाऱ्या पाइपात एक झडप असते. घाट उतरताना ड्रायव्हरनं बटण दाबलं की हवेच्या दाबानं ती मिटते, धूर कोंडतो आणि इंजिनच गाडीला मागं धरून ठेवतं. झडपेवर काजळी बसली की ती अडकते. एवढं ज्ञान मला भाकरी थापता थापता मिळालं.

आमच्या घरधन्याचा स्वभाव तापट, पण गाडीखाली शिरताना माणूस एकदम शहाणा व्हायचा. इंजिन गार झाल्याशिवाय हात लावायचा नाही, चाकांना लाकडी ठोकळे लावायचे, मग ती झडप मिटवणारी, टाकीत साठलेली हवा सोडायची. तो फुस्स आवाज मला चुलीपाशी ऐकू यायचा आणि पाठोपाठ हे गाडीची चावी घेऊन दारात हजर. चावी मी तूरडाळीच्या डब्यात टाकायची. काम संपलं की यांनी मोरीवर हात धुवायचे, स्वतः येऊन मागायची, तेव्हाच द्यायची. नेम यांचाच. दौंडला ज्या उस्तादाकडे हे शिकले, त्याची दोन बोटं झडप हलवणाऱ्या दांड्यात गेली होती. तो खाली असताना वर कुणीतरी गाडी सुरू करून ते बटण दाबलं होतं.

गॅरेजात यांच्या जोडीला मामा होते. नात्याचे नव्हेत, पण सगळे मामाच म्हणत. घण मारून मारून कान गेलेले, बोलणं मोजकं, आणि माझ्या डाळीचे भक्त. जेवायला बसलं की पहिलं ताट त्यांचंच पुढं यायचं.

एकदा जेवणाच्या सुमारास एक गाडीमालक दारात आला. "वैनी, चावी द्या. मिस्त्रीनं मागितलीया."

"त्यास्नीच पाठवा."

"अवो, मी काय चोर हाय व्हय? माझीच गाडी हाय ती!"

"गाडी तुमची, डबा माझा."

तो पाय आपटत गेला. लगेच अंगणातून यांचा आवाज आला, "अगं, दे की चावी! काम झालंय, मानूस खोळंबलाय!"

"हात धुवून या, मंग देते."

चारचौघांत बायकोनं असं सुनावल्यावर यांचा पारा चढला. मलाही वाटलं, जास्तच ताणतेय का मी? पण मी मुळात हट्टी, आणि नेम मोडायचाच असेल तर तो माझ्या हातून नको.

हे तणतणत अंगणातल्या मोरीवर गेले. आमचा नळ भिंतीच्या बुडाशी, हात धुवायला उकिडवं बसावं लागे. हे बसले, साबण घेतला आणि तसेच थांबले. बाजूच्या ट्रकखाली मामांचे दोन पाय दिसत होते.

मामा चहाला गेले, असं हे धरून चालले होते. मामा मात्र पलीकडून पुन्हा आत शिरले होते, दांड्याची पिन नीट बसली का ते बघायला. हाक ऐकू येण्याचा प्रश्नच नव्हता.

साबणाच्या हातांनी जाऊन यांनी मामांचा पाय धरला. मामा सरकत बाहेर आले, कपाळाला काजळी.

"काय झालं?" त्यांनी विचारलं. गाडीमालकानं त्यांना हात देऊन उभं केलं.

मी म्हटलं, आधी सगळे जेवा, चावी मग. हे मोरीवर हात धुवून आले.

मामांनी नेहमीसारखं ताट पुढं केलं. मी वाढायला वाकले आणि ताट धरलेल्या हाताकडे बघतच राहिले. काळी नखं, पाचही बोटं जागच्या जागी. मला रडू फुटलं.

"डाळ करपली काय, वैनी?" मामांनी मोठ्यानं विचारलं.

"न्हाई, मामा," मी त्यांच्या कानाशी ओरडले, "पोटभर खावा."