ठिय्याला फ्रेंचमध्ये काय म्हणतात?

किस्से कोणी जमवायला जात नाही. ते आपोआप साचतात, लग्नघराच्या दारात चपला साचतात तसे. आणि मग एखाद्या दिवशी कोणीतरी विचारतं, "काय गं, तुझं त्या कंपनीत नेमकं काम काय होतं?" की सांगायला सुरुवात कुठून करावी तेच कळत नाही.

मी नेरळची. फ्रेंच शिकवते. खालापूर तालुक्यातल्या एका कारखान्याला फ्रेंच मालक मिळाला आणि मला दुभाष्याची नोकरी. पद्धत अशी, की लोक मराठीत बोलणार, एचआरचे साठेसाहेब त्याचं इंग्रजी करणार आणि त्या इंग्रजीचं मी फ्रेंच करायचं. मला मराठी येतं, हे कंपनीच्या गावीच नव्हतं! डायरेक्टर बर्नारसाहेबांचं इंग्रजी कामापुरतं. रागवायचे आणि हसायचे मात्र ते फ्रेंचमध्येच.

सुरुवातीला मशिनची मॅन्युअल्स होती. निवांत काम. मग कंपनीने मागच्या बाजूला भिंत घातली आणि माझं निवांतपण संपलं.

कारखान्यामागे ठाकरांची वाडी आहे. वाडीतल्या पोरांची शाळेची पायवाट कंपनीच्या मोकळ्या जागेतून जायची. भिंत आली, वाट बंद. आता टेकडीला वळसा घालायचा आणि पुढे हायवेच्या कडेने, ट्रेलरच्या वाऱ्यात चालायचं. वाडीतल्या सोमीबाईने नातीला शाळेत पाठवणंच थांबवलं. "पोर काय ट्रेलरखाली घालू?" म्हणाली. नात हुशार होती, घरी बसून रडायची. वाडीची मागणी एवढीच : भिंतीला एक दार.

कंपनी म्हणाली, सिक्युरिटी. वाडी म्हणाली, ठिय्या!

* * *

ठिय्याच्या आधी रीतसर निवेदन आलं. युनियनचा सेक्रेटरी दिलीप शेजारच्याच गावचा. त्याने वाडीच्या वतीने लिहून आणलं होतं. अमुक दिवसापासून, सकाळी इतक्या वाजल्यापासून, मेन गेटसमोर, मागणी मान्य होईपर्यंत. प्रत तहसीलदार, प्रत पोलीस ठाणे. शेवटी ‘आपले नम्र’ आणि खाली अंगठे.

बर्नारसाहेबांनी ते ‘आपले नम्र’ मला पुन्हा वाचायला लावलं.

"नम्र?"

"हो."

"आमच्याकडे टायर जाळतात," ते विचारात पडून म्हणाले. "खाली सही कोणी करत नाही."

* * *

घोषणांचा वेगळाच घोळ. गेटवर पहिल्या दिवशी बायकांनी आवाज चढवला, "कोण म्हणतो देणार नाय, घेतल्याशिवाय ऱ्हाणार नाय!"

साहेबांनी खिडकीतून विचारलं, काय म्हणतायत? साठेसाहेब शब्दाला शब्द लावणारे. त्यांनी इंग्रजी केलं, ‘देणार नाही असं कोण म्हणतो?’ मी त्याचं तसंच फ्रेंच केलं. घोषणेतला ताल इंग्रजीत निम्मा मेला, उरलेला मी मारला.

बर्नारसाहेब गंभीर झाले. म्हणाले, "हा प्रश्न त्यांनी मला विचारलाय. उत्तर द्यायला हवं." आणि खरंच खाली उतरले! गेटपाशी जाऊन म्हणाले, "देणार नाही असं मी कधीच म्हणालेलो नाही."

मी इंग्रजी केलं, साठेंनी घाम पुसत मराठी केलं. घोषणा थांबल्या. सगळ्या बायका दिलीपकडे बघायला लागल्या.

दिलीप म्हणाला, "मंग द्या की!"

* * *

पुढच्या आठवड्यात कामगारांनी वाडीला पाठिंबा म्हणून काळ्या फिती लावल्या. काम चालू, उत्पादन चालू, फक्त दंडावर काळी फीत. हा आपला निषेध. त्या दिवशी साठेसाहेब रजेवर होते आणि मी कर्जतहून येताना वाटेत अडकले होते.

पोचले तेव्हा बर्नारसाहेब शिफ्टच्या दारात उभे राहून आत येणाऱ्या प्रत्येकाचा हात दोन्ही हातांत धरत होते. चेहरा पडलेला. कामगारही हात देत होते, साहेब इतक्या मनापासून देतोय म्हटल्यावर काय करणार!

मला बघून ते हळूच म्हणाले, "कोण गेलं?"

मी खरं काय ते सांगितलं. त्यांनी हातात धरलेला हात सोडला. मग म्हणाले, "म्हणजे हे माझ्याविरुद्ध आहे?"

"हो."

"पण सगळे किती प्रेमाने वागले!"

दिलीप मला बाजूला घेऊन म्हणाला, "ताई, आता शोकसभा घ्यायला लागंल का काय?"

* * *

मग एकदा बायकांनी साठेसाहेबांच्या गाडीला घेराव घातला. संध्याकाळी पॅरिसच्या मुख्य ऑफिसला रिपोर्ट जायचा होता, आणि इथे मात्र मी अडले. ‘घेराव’ हा शब्द इंग्रजीने आपल्याकडूनच उचललाय, त्यामुळे साठेंच्या इंग्रजीत तो सुखरूप होता. फ्रेंचमध्ये जो शब्द पटकन सुचतो, तो माणूस डांबून ठेवण्याच्या गुन्ह्यालाही वापरतात. तो लिहिला असता तर पॅरिसच्या वकिलाला वाटलं असतं, वाडीने साठ्यांना पोत्यात घातलं! उद्या त्या एका शब्दावरून सोमीबाई पोलीस ठाण्यात बसली असती. मला खरंच भीती वाटली.

शेवटी मी बर्नारसाहेबांनाच विचारलं, कसं लिहू? ते हसायला लागले. तरुणपणी त्यांच्या पहिल्या कारखान्यात कामगारांनी त्यांना ऑफिसात कोंडलं होतं म्हणे. कॉफी दिली, जेवण नाही.

"साठेंना काय दिलं?"

मी साठेसाहेबांना विचारलं. ते ओशाळून म्हणाले, "नाचणीची भाकरी. आणि सुकटीची चटणी."

"मग लिही," बर्नारसाहेब म्हणाले, "की त्यांना जेवायला थांबवलं होतं."

* * *

साखळी उपोषण समजावताना तर मी हात टेकले. आज यांनी उपाशी राहायचं, उद्या त्यांनी. फ्रेंच माणसाला उपोषण म्हटलं की मरणाच्या दारात गेलेला माणूस दिसतो. इथे सोमीबाई दुपारी उपोषणाला बसून वाल सोलत होती, रात्रीच्या कालवणाचे!

"आज तुमचा उपास आहे ना?" साहेबांनी आमच्यामार्फत विचारलं.

"माझा हाय. सुनेचा नाय. ती काय खाईल?"

पण त्या दिवशी ती एक वाक्य आणखी बोलली. "नातीनं पाटी कोनाड्यात ठेवली बाय. बघवत नाय." साठेसाहेबांनी त्याचं इंग्रजी केलंच नाही. दुसरीकडे बघत राहिले. मग मीच नियम मोडला आणि सरळ फ्रेंचमध्ये सांगितलं. बर्नारसाहेब घड्याळ बघून आत निघून गेले. मला त्यांचा फार राग आला, नोकरी सोडावी इतका.

* * *

आणि मग लावणी आली.

एका सकाळी गेटसमोरचा ठिय्याचा मांडव रिकामा! पाटी तेवढी टांगलेली : ‘लावणी असल्यामुळे ठिय्या स्थगित. कळावे.’

साठेसाहेब खूश. "संपलं आंदोलन!"

"संपलं नाय सायेब," दिलीप म्हणाला. "शेतं उरकली की बसतो परत. मांडव सोडू नका."

मी घाबरत घाबरत सांगितलं. पण बर्नारसाहेबांना त्यात नवल वाटलंच नाही. "आमच्याकडे क्रांतीसुद्धा ऑगस्टमध्ये सुट्टीवर जाते," म्हणाले. पंचाईत वेगळीच होती. पॅरिसने त्यांना वाडीशी बोलून घ्यायला सांगितलं होतं आणि बोलायला समोर कोणी नव्हतं.

"मग आपण जाऊ त्यांच्याकडे."

साठेसाहेबांनी आपल्या बुटांकडे पाहिलं आणि एक अर्जंट मेल आठवला. निघालो आम्ही दोघंच.

हायवेच्या कडेने चाललो. एक ट्रेलर इतक्या जवळून गेला की साहेबांची छत्री उलटी झाली. मग टेकडीचा वळसा, निसरडी चढण, ओहोळ. साहेब दोनदा बसले, बसायचं नव्हतं तिथे. शेतावर पोचलो तेव्हा त्यांची पँट गुडघ्यापर्यंत लाल होती. सोमीबाई आणि बायका ओणव्या, चिखलात रोपं लावत होत्या.

साहेबांनी दम खात समोर बघितलं. भिंत. भिंतीपलीकडे एक खिडकी.

"ती माझी खिडकी ना?"

"हो."

"मग आपण इतका वेळ कुठे चालत होतो?"

सोमीबाईने मान वर न करता विचारलं, "काय म्हणतो गं?" मी सांगितलं. "त्याला म्हण, पोरांच्या पाठीला दप्तर पन आसतं," ती म्हणाली आणि पुढचं रोप लावलं.

मधे इंग्रजी नव्हतं. वाक्यं थेट जात होती, थेट येत होती. साहेब म्हणाले, दारासाठी पॅरिसला विचारावं लागेल. ती म्हणाली, "इचार." तेवढ्यात पावसाने झोडपायला सुरुवात केली. साहेबांची पॅरिसबरोबर मीटिंग होती आणि त्या वाटेने परत जायची त्यांची अजिबात तयारी नव्हती. त्यांनी भिंतीपाशी जाऊन हाका मारल्या. आतून वॉचमनचं डोकं वर आलं. त्याने बांबूची शिडी भिंतीवरून अलीकडे सोडली, पलीकडे पिंप लावलं. कंपनीचे डायरेक्टर स्वतःच्या भिंतीवर चढले!

वर पोचून त्यांनी एक पाय आत टाकला. वॉचमनने शिडी ओढून घ्यायला हात घातला.

"ए दादा!" सोमीबाई पहिल्यांदाच ताठ उभी राहिली. "शिडी राहू दे!"

शेतातल्या सगळ्या बायका उभ्या राहिल्या. हातातली रोपं हातातच राहिली.

साहेबांनी वरून मला विचारलं, काय म्हणाली? मी सांगितलं. एक पाय आत, एक पाय बाहेर, असे ते पावसात भिंतीवर बसून राहिले. एकदा आपल्या खिडकीकडे बघितलं, एकदा शेताकडे.

मग वॉचमनकडे वळून म्हणाले, "राहू दे."

मराठीत!