पिंगीचं खरं रडणं

पडदे शिवायला टाकायला आलेलं गिऱ्हाईक खिडकीचं माप सांगायच्या आधी तिला म्हणायचं, "एकदा रडून दाखवा ना!" पन्नाशी उलटलेली बाई, नाकावर चष्मा, गळ्यात टेप, ओठांत दोन टाचण्या, आणि हिने म्हणे रडून दाखवायचं. ती टाचण्या काढायची आणि म्हणायची, "तुमचा पडदा आखूड शिवते, मग तुम्हीच रडा." गिऱ्हाईक खो खो हसायचं. पिंगी किती गमतीची बाई आहे, असं सांगत घरी जायचं. हिच्या मनात मात्र त्या वेळी हातातली कात्री कुठे मारावी, हाच विचार असायचा.

पिंगी हे तिचं नावही नव्हे. पाच वर्षांची असताना एका कौटुंबिक सिनेमात ती पिंगी नावाची मुलगी झाली होती, एवढंच. पुढे ना तिने सिनेमाचं तोंड पाहिलं, ना सिनेमाने तिचं. पण तो सिनेमा घरोघरी पाहिला गेला आणि त्यातला एक प्रसंग लोकांच्या डोक्यातून जाता जाईना. बंद दारावर मुठी आपटत "आई, दार उघड" म्हणून रडणारी पिंगी. नाक वाहतंय, श्वास अडकतोय, अर्धे शब्द घशातच. दिग्दर्शक मुलाखतींत छाती फुगवून सांगायचा, "ग्लिसरीन घातलं की नुसते डोळे गळतात. नाक गळायला खरं रडावं लागतं." ते खरं रडणं त्याने आणलं कुठून, हे सांगायची वेळ आली की मात्र स्वारी विषय बदलायची.

तिला ते पक्कं आठवत होतं. त्या माणसाने तिला मांडीवर बसवलं आणि सांगितलं, तुझी आई मेली. नुसतं सांगून भागलं नाही, अख्खं युनिट त्यात सामील. दिवेवाल्यांनी डोक्यावरच्या टोप्या काढल्या. मेकअपवाली भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. मघापर्यंत तिला गोळ्या देणारा कॅमेरावाला तिच्याकडे बघेना. एवढ्याशा पोरीने याहून कसला पुरावा मागायचा? शॉट झाला, टाळ्या पडल्या, आणि मेलेली आई हसत हसत आली. घरी जाताना आई म्हणाली, "मला काय ठाऊक गं! मला तर चहा प्यायला बाहेर पाठवलं होतं त्यांनी." पोरीने विश्वास ठेवला. आई आहे, एवढं तिला पुष्कळ होतं.

पण बसलेली धास्ती काही उठली नाही. आईने फोन उचलायला उशीर केला की ही मशीनखालचं कापड तसंच टाकून धावायची. दुकान घेतलं तेही आई राहायची त्याच इमारतीच्या तळमजल्यावर. एक चांगलं स्थळ आलं होतं, माणूसही तिला आवडला होता, पण त्याची नोकरी दुसऱ्या गावी. तिने नाही म्हटलं. आई दुपारी जरा लवंडली तरी ही जिना चढून वर यायची आणि दारात उभी राहून तिची छाती वरखाली होतेय ना ते बघायची. शेजारीपाजारी म्हणत, "लेक असावी तर अशी!" आईला हे कौतुक ऐकून मूठभर मांस चढायचं. येईल त्याला सांगायची, "तिला माझ्याशिवाय करमतच नाही हो."

आता त्या दिग्दर्शकाचा मुलगा तोच सिनेमा नव्याने काढत होता. हल्ली हे बरं निघालंय. स्वतःला काही सुचत नाही, मग बापाचं जुनं भांडं घासूनपुसून मांडायचं आणि त्यातल्या पोरासोरांना केस पिकल्यावर दोन मिनिटं पडद्यावर आणून उभं करायचं. लोक टाळ्या वाजवतात, डोळे पुसतात. मुलाने फोन केला. "ताई, एकच वाक्य आहे. नवी पिंगी दाराशी रडत असते. तुम्ही शेजारीण. यायचं, तिला जवळ घ्यायचं आणि म्हणायचं, 'रडू नकोस बाळा, दार उघडेल.' प्रेक्षक वेडे होतील!"

"होऊ देत. पण मी येणार नाही," म्हणत तिने फोन ठेवला.

मग त्याने आईला गाठलं. आईने दोन दिवस धड जेवण केलं नाही आणि म्हणाली, "मरायच्या आधी एकदा तुला परत पडद्यावर बघू दे." कुठला शब्द लेकीला कुठे लागतो, हे आईला बरोब्बर ठाऊक होतं. लेक तयार झाली.

सेटवर तेच दार उभं केलेलं, रंगसुद्धा तोच. नवी पिंगी दोन शेंड्या उडवत हिच्याकडे आली आणि सवयीने गळ्यातच राहिलेली टेप ओढून म्हणाली, "मावशी, हा साप आहे का?" हिने तिचा हात मापला, पाय मापला, नाकसुद्धा मापलं. पोरगी खिदळत होती. "ती बघ माझी आई," तिने कोपऱ्यातल्या खुर्चीकडे बोट दाखवलं. खुर्चीवरच्या बाईने हात हलवला. किती तरी दिवसांनी हिला कुणाचा राग आला नव्हता.

तयारी झाली. शेजारणीचं म्हणून जे दार होतं त्याच्यामागे हिला उभं केलं. हौस म्हणून आईलाही तिथेच खुर्ची दिली होती. फटीतून हिने पाहिलं तर कोपऱ्यातली, त्या पोरीच्या आईची खुर्ची रिकामी. दिग्दर्शकाचा मुलगा गुडघ्यावर बसून पोरीच्या कानात काहीतरी सांगत होता. आणि मग एकेका दिवेवाल्याने डोक्यावरची टोपी काढली.

हिने मागे वळून आईचा खांदा धरला. "आई, ते तेच करतायत," ती कुजबुजली.

"अगं, करणारच," आई खुशीत म्हणाली. "तिची आई कुरकुरत होती. मीच समजावलं तिला. म्हटलं, बाहेर गाडीत जाऊन बस, काही होत नाही. मीसुद्धा बसले होते."

"तू चहाला गेली होतीस."

"तुला असं सांगितलं होतं. लहान होतीस, रुसली असतीस." आईने मान उडवली. "आणि काय बिघडलं तुझं? उलट बघ, एक दिवस मला सोडून राहत नाहीस."

बाहेर पोरीने पहिला टाहो फोडला. हिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. उभ्या जन्माची धावाधाव, मोडलेलं स्थळ, जिन्याने झिजवलेले गुडघे, सगळं 'तुझी आई मेली' या एका वाक्यावर उभं होतं आणि ते वाक्य आईच्या संमतीने बोललं गेलं होतं. बाहेर कुणीतरी "ताई, या!" अशी खूण केली. ती गेली. दारावर मुठी आपटणाऱ्या पोरीला तिने आपल्याकडे वळवलं. नाक वाहत होतं. अगदी खरं.

"तुझी आई जिवंत आहे," ती मोठ्याने म्हणाली. "बाहेर गाडीत बसलीये. ही सगळी माणसं खोटं बोलतायत. चल."

"कट! ताई, संवाद!"

"हाच माझा संवाद. ठेव सिनेमात, छाती असेल तर."

तो आडवा आला. "किती सुंदर शॉट होता! अहो, माझ्या वडिलांनी तुम्हाला मोठं केलं..."

"तुझ्या बापाने माझं नाक गळवलं. मोठी मी माझी झाले. खाण तशी माती म्हणतात, पण तू तर मातीसुद्धा नवी आणली नाहीस!" टोप्या हातात घेतलेल्या माणसांकडे ती वळली. "घाला त्या डोक्यावर. मेलेलं नाहीये कुणी."

पोरीला कडेवर घेऊन ती बाहेर गेली आणि गाडीचं दार उघडलं. आतली बाई दचकून खाली उतरली. पोरगी लगेच तिच्याकडे झेपावली नाही. आधी तिने आईच्या गालाला बोट लावून पाहिलं, आणि मग गळ्याला मिठी मारली ती सुटेचना.

"पाच मिनिटांचं काम आहे म्हणाले होते मला," बाई रडकुंडीला आली.

"माझंही पाच मिनिटांचंच होतं."

परतीच्या गाडीत आई फुगून बसली होती. चारचौघांत शोभा केलीस, चांगली संधी घालवलीस, माझं एवढंसं मन तुला राखता आलं नाही, असं काय काय ती पुटपुटत राहिली. लेक खिडकीबाहेर बघत होती. शेवटी आईचा आवाज मऊ झाला.

"मी काही दगडाच्या काळजाची नव्हते गं. गाडीचं दार सताड उघडं ठेवलं होतं मी. तू धावत आली असतीस तर तिथल्या तिथे उचललं असतं तुला. किती वाट पाहिली. तूच आली नाहीस."

लेकीने आईकडे पाहिलं.

"तू मेलीस म्हणून सांगितलं होतं मला. मेलेल्या माणसाला शोधायला कोण धावतं, आई?"