सरांची दोन पुस्तकं आणि माझ्या हातून भलतीकडे गेलेलं पान

राळेगावच्या बसस्टँडजवळ माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं दुकान आहे. अर्ज, प्रतिज्ञापत्रं, लग्नपत्रिका, पोरींचे बायोडाटे, हे रोजचं काम. सरांनी मला कॉलेजात राज्यशास्त्र शिकवलं होतं. निवृत्त झाल्यावर एक दिवस ते दोन्ही हातांत दोन फुगलेल्या पिशव्या घेऊन दुकानात आले. दोन्हींत हाताने लिहिलेले कागद होते.

"हे पुस्तक पक्षांवर आहे," एक पिशवी टेबलावर ठेवत ते म्हणाले. "आपल्याच भागातले पक्ष. तिकीट कसं ठरते, कार्यकर्ता झेंडा काहून बदलते, सभा संपल्यावर सतरंज्या कोण उचलते."

"अन् दुसरं?"

"दुसरं जुन्या इजिप्तच्या देवधर्मावर."

मला वाटलं, मी चुकीचं ऐकलं. "इजिप्त? काहून सर?"

"आवडते म्हणून," ते म्हणाले आणि चक्क लाजले.

मग चार-पाच महिने ते जवळपास रोज दुपारी येऊन माझ्या शेजारी स्टुलावर बसायचे, कारण त्यांचं अक्षर त्यांच्याशिवाय कोणाला लागत नसे. पक्षांचा मजकूर सांगताना गिऱ्हाईक आलं की त्यांचा आवाज आपोआप खाली यायचा. इजिप्तचा मजकूर आला की हात हलायला लागायचे. कोल्ह्याच्या तोंडाचा देव, मांजरीच्या तोंडाची देवी. नागपूरला शिकताना लायब्ररीत एका पुस्तकातलं चित्र बघून त्यांना हे वेड लागलं होतं. चाळीस वर्षं वाचत होते, पण बोलायला कोणी मिळालं नव्हतं. स्टाफरूममध्ये विषय काढला की लोक घड्याळ बघायचे, असं त्यांनी हसतहसत सांगितलं. मला मात्र ऐकायला मजा येत होती. मेलेल्या माणसाचं काळीज तराजूत घालतात, दुसऱ्या पारड्यात सत्याच्या देवीचं पीस ठेवतात, आणि काळीज जड भरलं तर बाजूला टपून बसलेलं मगरीच्या तोंडाचं जनावर ते खाऊन टाकतं, हे टाइप करताना मी दोनदा थांबले होते.

घोटाळा त्याच पानाचा झाला. सरांनी दोन्ही पुस्तकांच्या कागदांवर नुसते आकडे टाकले होते. पुस्तक कोणतं, हे लिहिलंच नव्हतं. पक्षांचं पुस्तक जुळवताना त्यातलं एक पान मला सापडेना. त्याच आकड्याचं दुसरं पान हाताला लागलं, ते मी न वाचताच बसवून टाकलं. नेमकं तेव्हाच सरांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. "शेवटचं प्रूफ तूच वाच बेटा," ते म्हणाले. मी वाचलं, पण लग्नसराई होती, पत्रिकांचा ढीग पडला होता. खरं सांगायचं तर चाळलं.

पक्षांच्या पुस्तकाच्या प्रकाशनाला कॉलेजचा हॉल भरला. सरांनी कोणालाच सोडलं नव्हतं, म्हणून सगळ्या पक्षांची माणसं आली होती आणि आपापलं काय लिहिलंय ते खुर्चीत बसल्या-बसल्या शोधत होती. बोलायला सरांनी कोणी पुढारी बोलावला नव्हता. जवळच्या बंजारा तांड्यावरचे एक म्हातारे कार्यकर्ते बोलावले होते. त्यांनी आयुष्यभर प्रचार केला होता, चार झेंडे बदलले होते आणि स्वतः एकदाही उभे राहिले नव्हते. आम्ही सगळे त्यांना काका म्हणतो.

काकांनी चष्मा लावला, पुस्तक उघडलं. "सरांनी तिकीटवाटपाचं कसं लिवलं, ते वाचून दाखवतो," म्हणाले आणि वाचू लागले. उमेदवार जिल्ह्याच्या ठिकाणी बैठकीला जातो, बाहेरच्या बाकावर बसतो, आत बोलावणं येतं. काकांनी पान उलटलं. आत गेल्यावर त्याचं काळीज काढून तराजूत ठेवतात.

मागच्या रांगेत मी घाईघाईने माझ्या हातातली प्रत उघडून ते पान शोधलं.

काकांनी चष्मा सारखा केला. मग तसेच वाचत गेले. पीस, पारडं, लिहून घेणारा पक्ष्याच्या तोंडाचा देव, मगरतोंड्या जनावर. हॉलमध्ये आधी खुसखुस झाली, मग एकाने टाळी वाजवली आणि सगळा हॉल हसायला लागला.

"हसता काय?" काका म्हणाले. "मी गेलतो ना अशा बैठकीले. अगदी असंच असते. ते जनावर तं मी सोता पाह्यलं!"

मी सरांकडे बघितलं. ते मान खाली घालून बसले होते, खांदे हलत होते. मला वाटलं, रडतायत. त्यांनी मान वर केली तेव्हा कळलं, हसूनहसून त्यांच्या डोळ्यांतून पाणी येत होतं.

तरी दुसऱ्या दिवशी मी कबुली द्यायला त्यांच्या घरी गेले. "सर, चूक माझी आहे. मी नीट वाचलं नाही."

"नाही वाचलं, हे खरं," सर म्हणाले. त्यांनी मला उगाच माफ केलं नाही, हे मला आवडलं. "मी बी पानांवर नुसते आकडे टाकले. आता शुद्धिपत्र छापू."

मी चिठ्ठ्या छापल्या आणि उरलेल्या प्रतींत माझ्या हाताने चिकटवल्या. पण पुस्तक मागायला येणारा प्रत्येक जण आधी विचारायचा, "ते काळीज तोलाचं पान हाय ना यात?" पंधरा दिवसांनी काका स्वतः दुकानात आले. सर स्टुलावर होतेच.

"सर, त्या तराजूचं पुढं काय होते? घरी बायका इचारून राह्यल्या. एखाद्या रविवारी तांड्यावर या अन् सांगा."

सर माझ्याकडे बघायला लागले, जणू मीच परवानगी द्यायची होती.

रविवारी सकाळी मी त्यांना स्कूटीवर बसवून नेलं. मंदिरासमोरच्या लिंबाखाली तीस-चाळीस माणसं बसली होती, निम्म्याहून जास्त बायका. सर सुरुवातीला वर्गात बोलतात तसं बोलले आणि कोणाला काही कळेना. मग ते शेणकिड्यावर आले. शेणाची गोळी ढकलत नेणारा हा किडा बघून त्या लोकांना वाटलं, सूर्यालाही असंच कोणी तरी आभाळातून ढकलत नेत असणार.

"म्हंजे आमच्या वावरात रोज सूर्य ढकलून राह्यले!" एक जण म्हणाला, आणि तिथून सगळं सोपं झालं. मेलेल्याला त्या तराजूपुढे सांगावं लागे की मी कोणाचं पाणी अडवलं नाही, काट्यात खोट केली नाही. हे ऐकून कापूस विकणारी माणसं एकमेकांकडे बघून माना हलवू लागली. म्हाताऱ्या बायांसाठी काका मध्येमध्ये त्यांच्या गोर बोलीत सांगत होते.

"बाईचं बी काळीज तोलत का तिथं?" एका बाईने विचारलं.

"हो, बाईचंही. तोच तराजू, तेच पीस."

"मंग बरं हाय," ती म्हणाली.

शेवटी काकांच्या आईने हात वर केला. तिचं वय कोणालाच माहीत नाही. "आता ते देव कुठं हायत? पुजते का कोनी?"

"नाही आजी. आता कोणी पुजत नाही. हजारो वर्षं झाली."

आजी जरा विचार करून म्हणाली, "आज आपून नाव घेतलं ना त्यायचं."

सरांनी चष्मा काढून पुसला. बराच वेळ पुसला. मग हळू आवाजात म्हणाले, "त्या लोकांचीही हीच समजूत होती, आजी. जोवर कोणी नाव घेते तोवर माणूस मरत नाही."

भाकर, ठेचा आणि पिठलं खाऊन आम्ही दुपारी निघालो. परतीच्या रस्त्यावर सर मागे बसून काहीतरी गुणगुणत होते. त्यांना गाता येत नाही. मी स्कूटी मुद्दाम सावकाश चालवली.