वाणातला पेरू

संक्रांतीच्या हळदीकुंकवाला वाण म्हणून पेरू द्यायची हिंमत आमच्या गावात एकाच बाईनं केली. इंदापूर तालुक्यात, जिथं बांधाबांधावर पेरूची बाग, तिथं पेरू! बायकांनी नाकं मुरडली. ती बाई वालचंदनगरहून यायची, डॉक्टर होती, आणि तरण्याताठ्या बायकांच्या पिशव्या काढणं बंद करायचं खूळ तिच्या डोक्यात होतं. पिशवी म्हणजे गर्भपिशवी. आमच्याकडं ती काढायची साथच आली होती. दोन लेकरं झाली, आता पाळीची कटकट नको, देवाधर्माला अडचण नको, की निघाली बाई टेबलावर झोपायला. परत आली की शेजारणी बघायला येऊन म्हणणार, सुटलीस बाई.

माझ्या धाकट्या जावेची तारीख ठरली होती. तिशीसुद्धा उलटली नव्हती तिची. अंगावरून पांढरं जायचं, एवढंच. शहरातल्या एका दवाखान्यानं पुढं कॅन्सर होईल म्हणून घाबरवलं आणि सासूबाईंनी लगेच मान डोलावली. त्यांना आमच्या पाळीचा भारी वैताग. चार दिवस आम्ही गोठ्यालगतच्या खोलीत बसायचं आणि भाकरी त्यांनी थापायची, मग वैताग येणारच. माझी पिशवी वाचली ती माझ्या तोंडाळपणामुळं. जाऊ म्हणजे गरीब गाय, कुणी नेईल तिकडं जाणारी. तिच्या काळजीनं माझा जीव टांगणीला लागला होता.

डॉक्टरीणबाईंनी प्रत्येकीच्या हातात एक लहानसा पेरू ठेवला. "पिशवी एवढीशीच असते," त्या म्हणाल्या. "कुणाकुणाची काढलीय? हात वर करा."

भराभर हात वर गेले. सासूबाईंचा सगळ्यांत उंच, ग्रामसभेत ठराव पास करावा तसा.

"आता ज्यांचे गुडघे धरलेत, कंबर मोडलीय, अंगाची आग होते, त्यांनी हात तसाच ठेवा."

एकही हात खाली आला नाही. मला फिसकन हसू आलं. मग सासूबाईंचं तोंड बघितलं आणि ते जिरलं.

बायका पांगल्यावर सासूबाई डॉक्टरीणबाईंजवळ गेल्या. "माजी का काढली आसंल वं?"

"काय त्रास होता, आई?"

"पांढरं जायचं. ह्या धाकलीसारखंच."

"त्याला गोळ्या असतात," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "बहुतेक वेळा तेवढ्यानंच जातं."

वाटभर सासूबाई पेरू मुठीत धरून चालल्या. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच मला त्यांची दया आली. घरी ओसरीवर दिरांनी विचारलं, दवाखान्याला जायला उद्या गाडी कधी काढू?

"काढ सकाळीच. पर वालचंदनगरच्या डॉक्टरीण मॅडमकडं न्यायचं तिला, गोळ्या आणाय. कापाय न्हाय."

"आन् मग पाळी?" जाऊ पुटपुटली.

"यील की. आली का आतच बसायचं, चुलीम्होरं. भाकरी तू थापायची. माजं गुडघं कशानं गेलं ते कळलं मला आज."

जाऊ घाबरून हसली. काहीतरी करायचं म्हणून तिनं विळी ओढली आणि सासूबाईंच्या हातातला पेरू मागितला.

"ऱ्हाऊ दे," त्या म्हणाल्या. "आख्खा ऱ्हाऊ दे त्यो."