पडद्याच्या मागची बाजू

सिनेमानं हा देश एक केला म्हणतात, ते कितपत खरं, यावर राजरत्ननं पुस्तक लिहिलं होतं. लोणीच्या शाळेत मराठी शिकवायचं आणि उरल्या वेळात सिनेमावर लिहायचं, हा त्याचा जन्माचा नाद. पुस्तक छापणार होता विपुल. ओतूरच्या सोहनलालशेठचा मुलगा, राजरत्नचा शाळेपासूनचा दोस्त, आता पुण्यात प्रकाशक.

सगळ्याचं मूळ म्हणजे राजरत्नची आई, कोंडाबाई. घरी पहिल्यांदा टीव्ही आला तेव्हा हिरोला उजव्या हातानं जेवताना बघून म्हातारी फणकारली होती, "ह्यो कसला हिरो? शिनेमातली समदी डाव्या हातानं जेवत्यात. आमी काय शिनेमा बघितला न्हाई व्हय?"

राजरत्न आधी पोट धरून हसला. मग त्याचं हसू जागीच विरलं. त्यांच्या गावच्या, ओतूरच्या, जत्रेत तंबूतला सिनेमा यायचा. मधोमध पांढरं कापड. गाव पुढं बसायचं, बौद्धवाडा कापडाच्या मागं. कुणाला सांगावं लागत नव्हतं, रिवाजच तसा. आणि मागून बघितलं की उजव्याचं डावं दिसतं. आईनं उभ्या जन्मात सिनेमा पाहिला तो असा.

पुस्तकातलं पहिलं प्रकरण हेच. पुण्याच्या कचेरीत विपुलनं नेमकं तिथंच बोट ठेवलं.

"आईचा किस्सा लई भारी आहे राव! लोक हसून लोळतील. फक्त मागं का बसायचे, ते काढ. गर्दी व्हायची म्हणून मागं बसायचे, एवढं लिही."

"गर्दी?"

"अरे, तंबू तर एकच होता ना सगळ्यांचा? सिनेमानं देश एक केला, हेच लोकांना वाचायचंय."

"तू कुठं बसायचास?" राजरत्नचा आवाज चढला.

"आता ते कशाला उकरतोस?"

"पुढं बसायचास. बापाच्या मांडीवर. आणि माझ्या आईवर हसायला तुला माणसं गोळा करायचीत, व्हय रे?"

"हे असं छापलं तर गावोगावचे वाचक तुटतील. मला नाही जमायचं."

"नको छापूस मग!"

बाड काखेत मारून तो तडक एसटीत बसला. वाटभर अंगाचा तिळपापड. इतक्या वर्षांचा दोस्त, आणि त्याला आमच्यातलं नुसतं हसू पायजे!

घरी कोंडाबाई लसूण सोलत बसली होती. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"गर्दी?" तिनं सोललेल्या पाकळ्या ताटलीत आपटल्या. "कसली गर्दी, बाबा? पुढं निम्मा तंबू मोकळा असायचा. मी कापडाच्या कडंनं वाकून बघायची ना. रिकामी सतरंजी दिसायची. तरी बी मागंच."

राजरत्ननं बाड पुढं ओढलं. हे त्यालाही ठाऊक नव्हतं. त्यानं पेन काढलं आणि प्रकरणाच्या अगदी माथ्यावर, आईच्याच शब्दांत, ती रिकामी सतरंजी लिहून टाकली. आता छापणारा दुसरा शोधायचा होता.