आधी बाबांना विचारा

त्या बाईंचं नाव मी लिहीत नाही. मला वाटतं, त्यांना ते आवडणार नाही. फ्रेमच्या दुकानात काम करता करता त्यांनी मुंबईत स्वतःची गॅलरी उभी केली. आमच्या शहापूरच्या कॉलेजातल्या प्रदर्शनात त्यांनी माझं चित्र निवडलं. चिखलात भाताची लावणी करणारे, फाटक्या बनियनमधले माझे बाबा. हात पाठीमागे बांधून बाई चित्रापुढे उभ्या राहिल्या. मग म्हणाल्या, "ज्याचं चित्र आहे, त्याने आधी पाहिलं पाहिजे. तो नको म्हणाला, तर मी हे विकणार नाही."

मी घाबरले. बाबांना मी या चित्राबद्दल काही सांगितलंच नव्हतं.

खर्डीजवळच्या आमच्या घरी बाईंनी चित्र स्वतः उचलून आणलं, ओटीवर टेकवलं आणि बाबांशेजारी खालीच बसल्या. बाबा बराच वेळ बघत राहिले.

"गो, शर्ट तरी घालायचा होतास मला!"

बाई हसल्या, पण त्यांनी घाई केली नाही. बाबांच्या उत्तरासाठी असं कुणी थांबलेलं मी पहिल्यांदाच पाहत होते. ते मी विसरणार नाही.

शेवटी बाबा म्हणाले, "न्या. पण उन्हात नका टांगू त्याला. लय ऊन सोसलंय त्यानं."

"सावलीतच ठेवीन, दादा," बाई म्हणाल्या.