आत्याबाई आणि अमेरिकेचा शिंपी

लग्न होऊन मी साताऱ्याहून तासगावजवळच्या गावात आले, तेव्हा माझ्या ट्रंकेत साड्यांच्या तळाशी एक जाडजूड इंग्रजी पुस्तक होतं. अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांवरचं, प्रत्येकाच्या चित्रासकट. कॉलेजात सामान्यज्ञानाच्या स्पर्धेत ते मला बक्षीस मिळालं होतं. मी ते इतक्यांदा वाचलं होतं की कोणाचे दात खोटे होते, कोणाच्या घरी शिव्या देणारा पोपट होता, हे सगळं तोंडपाठ झालं होतं. आमच्या घरी या विद्येला गिऱ्हाईक नव्हतं. वडील म्हणायचे, एवढं डोकं बँकेच्या परीक्षेला लावलं असतं तर नोकरी लागली असती.

ट्रंक रिकामी करताना सासूबाईंनी पुस्तक उघडलं. त्यांना मी आत्याबाई म्हणायची. चित्रातल्या दाढीवाल्यांकडे त्यांनी बराच वेळ पाहिलं आणि हे माझ्या माहेरचे कोण, असं विचारलं. मी सांगितलं, हे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष, लोक मतं देऊन यांना निवडतात, मग हे देश चालवतात.

"म्हंजे सरपंचच की," त्या म्हणाल्या, आणि पुस्तक पुन्हा साड्यांत ठेवून दिलं.

आमची द्राक्षबाग होती. उन्हाळ्याच्या तोंडाला शेडमध्ये जाळ्यांवर घड वाळत घातले जायचे आणि वाळले की त्यांच्या काड्या काढून बेदाणा निवडायचं काम बायका करायच्या. मीही त्यांच्यात बसायची. नवी सून, बोलायला विषय नाही. एका दुपारी आत्याबाईंनीच तोंड उघडलं, की त्या दाढीवाल्यांचं काहीतरी सांग, हात चालत्यात तवर कान रिकामंच हायेत.

मी भीत भीत एक सांगितला. हा गडी आपल्यासारखाच शेतकरी, भुईमुगाच्या शेंगांचा धंदा करायचा, तिथून थेट राष्ट्राध्यक्ष झाला. बायका खूश झाल्या. दुसऱ्या दिवशी त्यांनी आपणहून विचारलं, शेंगावाल्याच्या पुढचा कोण? मग रोज एक ठरला. परदेशी नावं कोणाच्या जिभेवर बसेनात, म्हणून त्यांनी आपली नावं पाडली. एकजण इतका लठ्ठ होता की त्याच्यासाठी आंघोळीचा टब मुद्दाम बनवून घेतला होता आणि त्यात चार माणसं बसून फोटो काढता आला, तो टबवाला. एकानं लग्नच केलं नाही, तो बिनलग्नाचा. त्याच्या घरी पाहुण्यांचं कोण बघायचं, याची बायकांना फार काळजी. मी सांगितलं, भाची बघायची, तेव्हा कुठे जीव भांड्यात पडला. एकाला पदाची शपथ त्याच्या बापानंच दिली, खेड्यातल्या घरात, कंदिलाच्या उजेडात. एकानं लढाईच्या दिवसांत बंगल्यापुढच्या हिरवळीवर मेंढ्या सोडल्या, त्यांनी गवत खाल्लं, वर लोकर विकून पैसे जखमी सैनिकांच्या कामाला दिले. हा आत्याबाईंना सर्वांत शहाणा वाटला. आणि एकानं कडाक्याच्या थंडीत, अंगावर कोट न घालता, इतकं लांबलचक भाषण केलं की महिन्याभरात तो आजारी पडून गेलाच. मी सांगितलं, तो त्या भाषणानंच गेला असं पुष्कळ जण म्हणतात, पण आता काहींना ते पटत नाही. बायकांना मात्र ते लगेच पटलं.

शिंप्याची गोष्ट मी अशीच एका दुपारी सांगितली. गरिबीमुळे तो शाळेत गेलाच नाही. लहानपणीच शिंप्याच्या हाताखाली लागला, तिथंच जेमतेम वाचायला शिकला. लग्न झाल्यावर बायकोनं त्याचं लिहिणं आणि हिशेब पक्के करून घेतले. तो कपडे शिवायचा आणि ती त्याला शिकवायची. पुढं तो राष्ट्राध्यक्ष झाला. त्या दिवशी कोणी हसलं नाही. आत्याबाईंनी तर पुढचा कोण हेही विचारलं नाही.

पुढच्या हिवाळ्यात आमच्या गावचं सरपंचपद बायकांसाठी राखीव झालं. माझे सासरे, मामंजी, फौजेतून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, गावात त्यांच्या शब्दाला वजन. लोक त्यांच्याकडेच आले आणि वहिनींना उभं करा म्हणाले. मामंजी तयार झाले. आत्याबाईंना विचारलं ते सगळं ठरल्यावर. "तू निस्ती सही कर, बाकीचं मी बघतो," असं त्यांनी जेवताना सांगितलं. आत्याबाई दुसरीतून शाळा सुटलेल्या. सही यायची, तीही अक्षरांचं चित्र काढावं तशी.

त्या निवडून आल्या, सदस्यांनी त्यांना सरपंच केलं. पहिल्या सभेहून परत आल्या त्या थेट स्वयंपाकघरात येऊन बसल्या. मी पाणी दिलं तेव्हा थोडं थोडं सांगितलं. पंचायतीत त्यांच्या खुर्चीला लागून दुसरी खुर्ची मांडली होती, मामंजींसाठी. ग्रामसेवक कागद मामंजींपुढे ठेवायचा, ते वाचायचे, मान डोलवायचे, मग कागद आत्याबाईंकडे सरकायचा आणि कुठे सही करायची तिथं बोट ठेवलं जायचं. कोणी वाईट वागलं नव्हतं. चहा सगळ्यांत आधी त्यांनाच दिला होता.

"त्या शिंप्याला किती वरसं लागली गं लिवायला?" त्यांनी मला विचारलं.

मी पुस्तक काढून पाहिलं. तेवढं त्यात दिलेलं नव्हतं. मी म्हणाले, मी शिकवते तुम्हाला, आजपासून बसू.

त्या नको म्हणाल्या. मला वाटलं, सुनेकडून शिकायचा संकोच असेल. पण तसं नव्हतं. मामंजी ओसरीवर बूट पुसत होते, त्यांच्यापुढे जाऊन त्या उभ्या राहिल्या.

"आवं, त्या शिंप्याला बायकोनं शिकिवलं. मला तुमी शिकवा."

मामंजींना शिंपी कोण हेच माहीत नव्हतं. मला बोलावून त्यांनी सगळी हकीकत ऐकली आणि मग विचारलं, हे खरं का पोरी, का तुझ्या पदरचं? मी पुस्तकातलं चित्र दाखवलं. त्यांनी ते चांगलं निरखलं. पलटणीत नव्या जवानांना त्यांनी कवायत शिकवलेली, तेव्हा शिकवणं म्हणजे काय ते आपल्याला ठाऊक आहे, असं त्यांना वाटत होतं.

पहिले काही दिवस घरात लढाईच होती. मामंजी ताठ उभे राहून शब्द सांगायचे आणि चूक झाली की आवाज चढवायचे. आत्याबाई पाटीवरची पेन्सिल अंगणात भिरकावून देत आणि भाकरी थापायला निघून जात. तासाभरानं मामंजी अंगणातून पेन्सिल शोधून आणत. एकदा त्या म्हणाल्या, त्या बाईनं काय नवऱ्यावर वरडून शिकिवलं असंल व्हय? दुसऱ्या दिवसापासून मामंजी खाली बसून शिकवायला लागले. मांडीला मांडी लावून बसलेले ते दोघं मला तोवर कधी दिसले नव्हते. माझे यजमान माधवनगरच्या गिरणीतून घरी आले की दारातच चप्पल काढून हळूच आत यायचे, धडा मोडू नये म्हणून.

बेदाण्याचा हंगाम आला तोवर आत्याबाई पंचायतीचे कागद घरी आणून वाचू लागल्या होत्या. बोट ठेवून, ओठ हलवत. अडलेला शब्द त्या मला विचारत नसत. मामंजी शेतावरून येईपर्यंत थांबत.

एक मे रोजी शाळेपुढच्या पटांगणात ग्रामसभा होती. माळावरच्या वस्तीला नळ न्यायचा ठराव त्या दिवशी यायचा होता. त्या वस्तीच्या बायका वर्षानुवर्षं खालच्या विहिरीवरून पाणी नेत होत्या. मी बायकांत बसले होते. टेबलामागे दोन खुर्च्या होत्या. मामंजी इस्त्रीचा पांढरा सदरा घालून आले आणि सवयीनं दुसऱ्या खुर्चीकडे वळले.

आत्याबाईंनी डोक्यावरचा पदर नीट केला. आवाज चढवला नाही, पण पुढच्या सगळ्यांना ऐकू गेलं.

"तुमी खाली बसा. हितं सरपंचाची खुर्ची येकच लागती."

मामंजी उभे होते तिथंच क्षणभर उभे राहिले. मग त्यांनी ती खुर्ची स्वतः उचलली, शाळेच्या भिंतीशी नेऊन ठेवली आणि सगळ्यांच्या मागे जाऊन सतरंजीवर बसले.

आत्याबाईंनी ठराव स्वतः वाचला. फार सावकाश. मध्येच 'जलवाहिनी'वर त्या अडल्या. मी मागे वळून पाहिलं. मामंजींचे ओठ उघडले होते, शब्द जिभेवर आला होता, आणि त्यांनी तो गिळला. आत्याबाईंनी बोट ठेवलं, एकेक अक्षर लावलं आणि शब्द पुरा केला. त्यानंतर चार वाक्यं आपल्या मनानं बोलल्या आणि थांबल्या. कोणीतरी म्हणालं, अजून बोला की बाई. त्या म्हणाल्या, लांबड लावून एक जण मेल्यालं मला म्हाईत हाय. शेडमधल्या बायका तोंडाला पदर लावून हसल्या, बाकी कोणाला काही कळलं नाही. ठराव मंजूर झाला.

रात्री आम्ही जेवायला बसलो. आत्याबाईंनी मामंजींना आमटी वाढली, भाकरी वाढली. त्यांनी अर्धी भाकरी संपवली आणि ताटाकडे बघतच म्हणाले,

"आवाज जरा मोठा पायजे हुता. मागं ऐकू येत न्हवतं."

"पुढल्या टायमाला पुढं बसा," आत्याबाई म्हणाल्या आणि त्यांना आणखी आमटी वाढली.

वस्तीवर नळ यायला वर्ष उलटून गेलं. त्यासाठी आत्याबाईंनी तासगावच्या पंचायत समितीत पुष्कळ खेपा घातल्या. मामंजी बरोबर जायचे, पण कचेरीच्या आत गेले नाहीत. बाहेर लिंबाखाली बसून राहायचे, आत्याबाईंची पाण्याची बाटली आणि छत्री सांभाळत. परतताना एसटीत खिडकीची जागा त्यांना द्यायचे. आत काय झालं हे ते विचारत नसत. गाडी तासगाव सोडून द्राक्षबागांत शिरली की त्या आपणहून सांगायला लागायच्या.